‘मणक्याची नस दबली’ आणि क्लेम अडकला? फॉर्मवरचा ‘एम४८.०’ कोड नेमकं काय सांगतो

कल्याणच्या स्कायवॉकवर थोडं चाललं की पायांत गोळे येतात, मुंग्या येतात. जरा वाकून उभं राहिलं किंवा बसलं की बरं वाटतं. उतारवयातल्या अनेकांची ही तक्रार असते. एमआरआय काढला की रिपोर्टवर शब्द दिसतो, ‘लंबर कॅनल स्टेनोसिस’. म्हणजे कमरेच्या मणक्यांमधून नसा जिथून जातात, ती नळी अरुंद झाली आहे.

ऑपरेशन ठरलं की हा आजार एका कोडमध्ये बसवला जातो. विम्याचा क्लेम तपासताना हा कोडही पाहिला जातो.

हा कोड येतो कुठून?

जागतिक आरोग्य संघटनेची आजारांची एक आंतरराष्ट्रीय यादी आहे, आयसीडी. तिची सुरुवात १८९३ मध्ये मृत्यूच्या कारणांच्या यादीपासून झाली. २०२२ पासून तिची अकरावी आवृत्ती लागू आहे. पण आपल्याकडच्या विम्याच्या फॉर्मवर रकाना आहे तो दहाव्या आवृत्तीचा, म्हणजे ‘आयसीडी १०’चा.

या यादीत मणक्याची नळी अरुंद होण्याचा कोड आहे एम४८.०. पुढचा आकडा जागा सांगतो. २ म्हणजे मान, ४ म्हणजे पाठ, ६ म्हणजे कंबर. म्हणून कमरेसाठी एम४८.०६.

अमेरिकेने १ ऑक्टोबर २०१७ पासून याचेही दोन भाग केले. चालताना पाय भरून येत नसतील तर एम४८.०६१, येत असतील तर एम४८.०६२. कारण उपचार ठरतो तो नुसत्या एमआरआयवर नाही, तर रुग्णाला होणाऱ्या त्रासावर.

कोड चुकला तर काय होतं?

नुसत्या कंबरदुखीचा कोड वेगळा आहे, एम५४.५. ते लक्षण झालं, आजाराचं निदान नव्हे. फॉर्मवर ‘कंबरदुखी’ आणि बिलावर मणक्याचं ऑपरेशन असेल, तर ‘याला ऑपरेशन कशाला?’ हा प्रश्न येणारच. गादी सरकून नस दबली असेल तर कोड एम५१ गटातला. अपघातात मणका मोडला असेल तर तो दुखापतीच्या गटात जातो.

मग क्लेम अडतो कशावर?

बहुतेकदा कोडवर नाही, तारखेवर. कॅशलेसच्या फॉर्ममध्ये कोडबरोबर आणखी तीन गोष्टी विचारतात: त्रास किती दिवसांपासून आहे, पहिल्यांदा डॉक्टरांना कधी दाखवलं आणि आधीचा इतिहास काय.

इथे दोन नियम लागू होऊ शकतात.

पहिला, ठरावीक आजारांचा प्रतीक्षा काळ. ‘आरोग्य संजीवनी’ या प्रमाणित पॉलिसीत मणक्याच्या आजारांसाठी तो २४ महिने आहे. त्रास पॉलिसी घेतल्यानंतर सुरू झाला तरी तो लागू होतो. अपघातातून झालेला आजार मात्र याला अपवाद.

दुसरा, आधीपासूनचा आजार. एप्रिल २०२४ पासून यासाठीचा प्रतीक्षा काळ जास्तीत जास्त ३६ महिने आहे, आधी तो ४८ महिने होता. पण ‘आधीपासूनचा’ कशाला म्हणायचं, याचीही व्याख्या आहे. पॉलिसी घेण्याआधीच्या ३६ महिन्यांत डॉक्टरांनी निदान केलेलं असावं किंवा त्यासाठी सल्ला वा उपचार झालेले असावेत.

इथेच खरी मेख आहे. नळी एका दिवसात अरुंद होत नाही, वर्षानुवर्षांची झीज असते. पण एमआरआयमध्ये जुनी झीज दिसणं आणि आजाराचं निदान आधीच झालेलं असणं या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. केसपेपरवर कुणी घाईत ‘पाच वर्षांपासून कंबरदुखी’ लिहिलं, तर हा फरक पुसला जातो.

तुम्ही काय करू शकता?

- भरती होताना त्रास कधी सुरू झाला, ते नेमकं आणि खरं सांगा. अंदाजे वर्षं सांगू नका.
- फॉर्म जाण्याआधी निदान, कोड आणि कालावधी वाचून घ्या. चूक असेल तर डॉक्टरांकडून लेखी दुरुस्ती घ्या. सोयीचा कोड मात्र मागू नका. खोटी माहिती दिली तर क्लेमसोबत पॉलिसीही जाऊ शकते.
- क्लेम नाकारला तर पॉलिसीतल्या कोणत्या अटीनुसार, ते लेखी मागा. मे २०२४ च्या परिपत्रकानुसार कंपनीला ते सांगावंच लागतं.
- आधी कंपनीकडे लेखी तक्रार करा. ३० दिवसांत उत्तर आलं नाही किंवा पटलं नाही, तर विमा लोकपालाकडे जा.

कल्याण-डोंबिवलीकरांना यासाठी मुंबई गाठायची गरज नाही. ठाणे जिल्ह्यासाठीचं विमा लोकपाल कार्यालय आता ठाण्यातच आहे. तिथे फी लागत नाही, वकीलही लागत नाही. कंपनीच्या अंतिम उत्तरापासून एक वर्षाच्या आत तक्रार करावी लागते.

तेव्हा नकाराचं पत्र आलं तर फाइल कपाटात टाकण्याआधी दोन कागद शेजारी ठेवून वाचा: हॉस्पिटलने भरलेला फॉर्म आणि डॉक्टरांचा पहिला केसपेपर. दोन्हींवरच्या तारखा जुळत नसतील, तर तक्रारीचा पहिला मुद्दा तोच.