विंक्स परदेशी गेली नाही, म्हणून?

ऑस्ट्रेलियाच्या विंक्सचा विषय निघाला की रेसच्या दर्दींपैकी कुणीतरी नाक मुरडतंच. घोडी थोर खरी, पण घरच्याच मैदानावरची. इंग्लंडात अ‍ॅस्कटला जाऊन जिंकली असती तर मानलं असतं. मला हा आक्षेप अजिबात पटत नाही.

तिची कारकीर्द आधी बघा. २०१३ च्या लिलावात ही फिली २ लाख ३० हजार ऑस्ट्रेलियन डॉलरला गेली. ट्रेनर ख्रिस वॉलरकडे तिने सुरुवातीच्या तिन्ही शर्यती जिंकल्या, मग गाडी अडखळली. एप्रिल २०१५ मध्ये सिडनीच्या रँडविकला ओक्स शर्यतीत ती दुसरी आली. तो तिचा शेवटचा पराभव. पुढच्याच महिन्यात विजयांची जी माळ लागली ती एप्रिल २०१९ मध्ये निवृत्तीच्या दिवशी, त्याच रँडविकला, सलग तेहतिसाव्या विजयावर थांबली. एकूण ४३ शर्यती, ३७ विजय, त्यांतले २५ ग्रुप वन, म्हणजे सर्वोच्च दर्जाच्या शर्यतींतले.

आणि धावायची कशी! आरामात मागे राहायचं, शेवटच्या वळणावर जॉकी ह्यू बोमनने बाहेरच्या अंगाला काढलं की एकेकाला गिळत यायचं. ऑगस्ट २०१७ च्या वॉरविक स्टेक्समध्ये तर गेट उघडलं तरी बाईसाहेब आतच; बाकीचे केव्हाच निघून गेले होते. शर्यत फक्त १४०० मीटरची. एवढ्या अंतरात असं पिछाडलेलं जनावर पैसे बुडवतं, हे महालक्ष्मीचा कुठलाही जुना पंटर सांगेल. विंक्सने पुढे असलेल्या फॉक्सप्ले या घोडीला अगदी विनिंग पोस्टजवळ गाठलं. तिचा ८ लांबींचा विजयही आहे, २०१६ च्या कॉक्स प्लेटमधला. पण मला वॉरविक जास्त मोठी वाटते.

आता परदेशाचं. २०१२ मध्ये ऑस्ट्रेलियाचीच अपराजित घोडी ब्लॅक कॅव्हियार अ‍ॅस्कटला गेली, जेमतेम मुंडीभर अंतराने जिंकली आणि नंतर कळलं की स्नायू दुखावले होते. विंक्सच्या मालकांपुढे २०१८ मध्ये हाच बेत होता. त्यांनी नको म्हटलं. इतका लांबचा विमानप्रवास, क्वारंटाइन, तोही तिच्या विश्रांतीच्या महिन्यांत. शिवाय नर घोड्याने परदेशात नाव काढलं तर पुढे स्टडवर त्याचा भाव वाढतो, वर्षाला शंभरावर घोड्या येतात. घोडीला वर्षाकाठी एकच शिंगरू. मग तिला जगभर फिरवून मिळवायचं काय? टीकाकारांची हौस?

तिच्यासमोर कधीकधी प्रतिस्पर्धी कमकुवत असायचे, हे मान्य. पण कॉक्स प्लेट सगळ्यांना खुली असते. मेलबर्नच्या मुनी व्हॅलीवर ती विंक्सने २०१५ ते २०१८ अशी सलग चार वेळा जिंकली. शेवटच्या वर्षी गोडॉल्फिन या बड्या तबेल्याचा घोडा बेनबॅटल इंग्लंडहून आला होता, त्याच वसंतात कॉलफील्डची ग्रुप वन जिंकून. तो दुसरा आला.