आटपाट नगरातील दिवे : अर्धचेतन पात्रांविषयी एक टिपण

आषाढ अमावास्येला सांगितली जाणारी दिव्यांच्या अवसेची कहाणी आपण पदव्युत्तर वर्गात लोकसाहित्याच्या प्रश्नपत्रिकेपुरती शिकवतो आणि 'व्रतकथा' असा शिक्का मारून बाजूला ठेवतो. कल्पित सृष्टीची चर्चा करावयाची वेळ आली, की मात्र जी. ए. कुलकर्णी यांच्या 'इस्किलार'कडे ('रमलखुणा', १९७५) किंवा थेट इंग्रजीकडे वळतो. ही विभागणी मला सदोष वाटते. आटपाट नगर हीदेखील निर्मिलेली सृष्टीच आहे. तिला नकाशा नाही, राजवंशाचा इतिहास नाही. परंतु तिचे स्वतःचे नियम आहेत आणि त्यांचा सर्वांत सूक्ष्म आविष्कार या कहाणीतील दिव्यांत होतो.

कथानक परिचित आहे. राजाची सून घरातला पदार्थ स्वतः खाते आणि आळ उंदरांवर घालते. उंदीर सूडापोटी तिची चोळी रात्री पाहुण्याच्या अंथरुणात नेऊन टाकतात. सासू आणि दीर निंदा करून तिला घराबाहेर काढतात. ती रोज दिवे घासत असे, स्वतः लावत असे, खडीसाखरेने ज्योती सारत असे. ती गेल्यावर दिव्यांचे हाल होतात. पुढे अवसेच्या रात्री शिकारीहून परतणारा राजा एका झाडाखाली उतरतो, तेव्हा गावातले सारे दिवे झाडावर येऊन बसलेले त्याला दिसतात. कोणाच्या घरी काय गोडधोड झाले, हे ते एकमेकांना सांगत असतात. राजाच्या घरचा दिवा आपले दुःख सांगतो आणि सुनेचे निर्दोषत्व उघड होते.

या दिव्यांना कोणत्या कोटीतील पात्रे म्हणावे? त्यांना देवता म्हणता येत नाही. सुनेला ते आशीर्वाद देतात खरे, परंतु उंदरांना शासन करीत नाहीत, सासूला स्वप्नात दृष्टांत देत नाहीत. त्यांचे पुरते मानवीकरणही झालेले नाही. घरात ते मूक असतात, बोलतात ते अवसेच्या रात्री, घराबाहेर आणि तेही आपसांत. राजाच्या कानी ते पडते हा निव्वळ योगायोग. पाहणे, स्मरणे आणि कृतज्ञ असणे एवढीच त्यांची चेतना. कृतीचा अधिकार कहाणीने त्यांना दिलेलाच नाही. यासाठी मी 'अर्धचेतन' ही संज्ञा सुचवतो.

जे. एम. बॅरी यांच्या १९०४ मधील 'पीटर पॅन' नाटकातील टिंकरबेल येथे आठवते. रंगमंचावर ती नटी नसून नाचता प्रकाशबिंदू आणि घंटीचा नाद एवढीच असते. ती मरणोन्मुख होते तेव्हा परीवर विश्वास असल्याचे प्रेक्षकांनी टाळ्या वाजवून सांगावे लागते. त्यावर ती तगते. आपल्या दिव्यांना असा विश्वास नको असतो. त्यांना घासणारे हात हवे असतात. प्रकाशरूप पात्राचे अस्तित्व निगराणीवर, म्हणजे घरातील स्त्रीच्या रोजच्या आणि कोणी न मोजलेल्या श्रमावर, उभे करणे ही या कहाणीची खरी कल्पकता होय. दिवा 'विझवला' न म्हणता 'मालवला' वा 'शांत केला' असे म्हणणारी आपली भाषाही हीच समजूत बाळगते. (याच अवसेला आता 'गटारी' म्हणून अधिक ओळखले जाते, हा भाग निराळा.)

एक आक्षेप मात्र टाळता येणार नाही. तो मला आष्टीच्या वर्गातच मिळाला. आमच्या तालुक्यातील अनेक कुटुंबे दिवाळीच्या सुमारास ऊसतोडीला जातात. अशाच घरातील एका विद्यार्थिनीने विचारले, "सर, राजाने दिव्यांचे ऐकले. सुनेला कोणी विचारले का?" मी छापील पाठ पुन्हा चाळला. राजा घरी येऊन प्रत्यक्ष कोणी पाहिले आहे काय याची चौकशी करतो, मेणा पाठवून तिला आणवतो, मनात क्षमा मागतो, घराची मुखत्यारी देतो. तिची जबानी कोठेही नाही. "कोपीवर असा आळ आला तर दिवा कुठून आणायचा?" हा तिचा पुढचा प्रश्न होता. अद्भुताच्या योजनेने अन्यायाचे निवारण होते, पण निवाड्याची रीत तशीच राहते, हे तिने माझ्याआधी ओळखले होते. शिवाय सून पूर्ण निरपराध नाही. खोटे ती बोललीच होती. चोरून खाल्लेल्या घासाला हद्दपारीची शिक्षा झाली, या विषमतेविषयी दिवेही काही बोलत नाहीत.

तेव्हा आपल्या विभागांनी या कहाणीचे मौखिक पाठ मिळवावेत, असे मला वाटते. आषाढात गळीत हंगाम संपून कुटुंबे गावी परतलेली असतात, बाजरीच्या पिठाचे गोड दिवे उकडले जातात आणि कहाणी सांगणाऱ्या वृद्धा अजून घराघरांत आहेत. त्यांच्या तोंडी परत आलेली सून मेण्यातून उतरल्यावर काय म्हणते, हे त्यांना विचारावयास हवे.