नवस फेडणारा नट

आमच्या फिल्म सोसायटीत एके काळी एक अलिखित नियम होता. देखणा नट दिग्दर्शनाकडे वळला, की त्याच्याकडे संशयानेच पाहायचे. या नियमापायी आन्सेल्मो दुआर्ते या ब्राझीलच्या नट-दिग्दर्शकावर आम्ही अन्याय केला. १९६२च्या कान महोत्सवात त्याच्या चित्रपटाला सर्वोच्च पारितोषिक मिळाले. स्पर्धेत बुन्युएल, अँतोनिओनी, ब्रेसाँ होते. आपल्या सत्यजित रायांचा ‘देवी’ही होता. ‘रायांना डावलून एका हिरोला बक्षीस!’ हे वाक्य मीही चहा पिता पिता अनेकदा ऐकवले आहे. चित्रपट तोवर पाहिलेला नव्हता, हे ओघाने आलेच.

दुआर्तेचा जन्म १९२० चा, साओ पावलो प्रांतातल्या साल्तो गावचा. पोरवयात गावच्या सिनेमाघरात पडद्यावर पाणी मारण्याचे काम तो करी. पुढे आत्लांतिदा कंपनीच्या नाचगाण्यांच्या विनोदी चित्रपटांत आणि नंतर हॉलिवूडची स्वप्ने पाहणाऱ्या व्हेरा क्रूझ स्टुडिओत तो नायक म्हणून गाजला. स्टुडिओ कर्जात बुडाला. १९५७ साली दुआर्तेने पहिला चित्रपट दिग्दर्शित केला, तोही दूरदर्शनवरच्या प्रश्नमंजूषेवरची हलकीफुलकी करमणूक. अशा माणसाकडून कोण काय अपेक्षा करणार?

आणि मग ‘ओ पागादोर द प्रोमेसास’, म्हणजे चक्क ‘नवस फेडणारा’. मूळ नाटक दियास गोमेस यांचे. झे नावाच्या शेतकऱ्याचे गाढव जखमी होते. ते बरे व्हावे म्हणून तो नवस बोलतो, की ख्रिस्ताइतका जड क्रूस खांद्यावरून साल्व्हादोरच्या संत बार्बराच्या चर्चमध्ये नेईन आणि जमीन गरिबांत वाटीन. मात्र नवस बोललेला असतो कांदोम्ब्ले पंथाच्या ठाण्यावर, यान्सान देवीपुढे. आफ्रिकेतून गुलाम म्हणून आणलेल्यांची ही देवी आणि संत बार्बरा, झेच्या लेखी एकच. पाद्री दार लावून घेतो. झे पायऱ्यांवर बसून राहतो. पीर आणि देव या दोघांपुढे एकाच श्रद्धेने नारळ ठेवणारी माणसे ज्यांनी पाहिली आहेत, त्यांना हे समजावून सांगावे लागू नये.

‘सिनेमा नोव्हो’च्या तरुण मंडळींना हा चित्रपट फार घोटीव, फार स्टुडिओछाप वाटला. ग्लाउबर रोशासारख्यांचा आग्रह वेगळ्या, खडबडीत सिनेमाचा होता आणि त्यांनी पुढे जे केले त्याचे मोल मोठेच आहे. पण मला वाटते, दुआर्तेची जी शिकवणी त्यांना खटकली तीच इथे कामी आली. गर्दी कशी हलवायची, हे तो कार्निव्हलच्या चित्रपटांत शिकला होता. पायऱ्यांवर बातमीदार येतो, दलाल येतो, कापोएरा खेळणारे येतात, पोलीस येतात. प्रत्येकाला झेचा काही ना काही उपयोग करून घ्यायचा असतो. आणि मधोमध लिओनार्दो व्हिलारचा तो न समजलेला, हट्टी चेहरा. चेहऱ्यावर एवढा विश्वास नटच टाकू जाणे. शेवटी झे मारला जातो, तेव्हा लोक त्याला त्याच क्रूसावर घालून दार ढकलून आत नेतात.

पुढचे सांगण्यात सुख नाही. ‘व्हेरेदा दा साल्व्हासाँव’ १९६५ मध्ये बर्लिनच्या स्पर्धेत गेला, पण कानचे यश पुन्हा आले नाही. १९७९ साली पेलेला घेऊन त्याने एक चित्रपट केला, एवढी नोंद पुरे. २००९ मध्ये तो गेला. त्याच्यानंतर २०२५ पर्यंत दुसऱ्या कुणाही ब्राझिलियन चित्रपटाला कानचे ते सर्वोच्च पारितोषिक मिळालेले नव्हते.

आमच्या सोसायटीने ‘देवी’ तीनदा दाखवला आणि तो होताच तसा. दुआर्तेचा चित्रपट एकदाही दाखवला नाही. यादी करणाऱ्यांत मी होतो.