गेम काढा, पण घाबरून नको

सबमिशनला चार दिवस उरलेत. प्रोजेक्टचं सॉफ्टवेअर टाकायला घेतलं आणि लॅपटॉपने हात वर केले. जागाच नाही! सी ड्राइव्हची पट्टी लालभडक. जागा कुठे गेली हे तुम्हाला शोधावं लागत नाही. गेमचा लाँचर उघडता, राइट क्लिक करता, 'अनइन्स्टॉल' दिसतं आणि तिथेच हात थांबतो.

मित्रांनो, आज त्या थांबलेल्या हाताबद्दल बोलू. या पानावर आपण परीक्षा, प्लेसमेंट, लोकलची गर्दी असे मोठे विषय घेतो. त्यात गेम काढणं म्हणजे किस झाड की पत्ती, असं वाटेल. पण पालघर-बोईसरकडच्या किती घरांत यावरून भांडणं होतात ते तुम्हालाही माहीत आहे. "आधी तो गेम काढून टाक, मग बोल माझ्याशी," हे वाक्य ऐकलं नाही असा गेमर मला तरी भेटलेला नाही.

माझंच सांगते. शेवटच्या सेमिस्टरच्या डॉक्युमेंटरीसाठी सातपाटीच्या बंदरावर शूट केलं होतं. फुटेज कॉपी करायला घेतलं तर जागा संपलेली. लॅपटॉप ५१२ जीबीचा म्हणून घेतलेला, पण विंडोजमध्ये दिसतात जेमतेम ४७६. कंपनी हजाराच्या पटीत मोजते आणि विंडोज १०२४ च्या, त्यामुळे हा फरक. उरलेल्या जागेत सगळ्यात मोठं धूड होतं 'जीटीए फाइव्ह'चं. आणि तो गेम काढायची माझी हिंमत होईना, कारण तो दादाने आणला होता.

मे २०२० आठवतोय? लॉकडाऊन होता आणि एपिक गेम्सने हा गेम आठवडाभर फुकट दिला. पहिल्याच दिवशी इतकी झुंबड उडाली की त्यांची साइटच काही तास कोलमडली. दादाने कसाबसा तो लायब्ररीत टाकला. पण डाउनलोड? गेम शंभर जीबीच्या आसपास, आणि आमच्या गल्लीत तेव्हा ब्रॉडबँड नव्हतं. मोबाइलचा डेटा दिवसाला दोन जीबी. घरातले तिघांचे फोन आळीपाळीने हॉटस्पॉटला लावायचे, डेटा संपला की डाउनलोड थांबवायचं आणि रात्री बारा वाजता डेटा नवा झाला की पुन्हा सुरू. सतरा-अठरा दिवस हा उद्योग चालला. मध्येच लाइट जायची ते वेगळंच. आता सांगा, असा आणलेला गेम एका क्लिकवर कसा काढायचा?

आपल्याकडचा गेमर गेम काढायला कचरतो तो लाडापेक्षा या हिशेबापोटी. आज फायबर आलंय, पण सगळ्यांकडे नाही. 'रेड डेड रिडेम्प्शन टू' हा गेम १५० जीबी जागा मागतो. तुमचं कनेक्शन ४० एमबीपीएसचं असेल, तर तेवढं उतरायला अखंड आठ तासांवर वेळ लागतो. इथे अनेकांचा गोंधळही होतो. ४० एमबीपीएस म्हणजे मेगाबिट, आणि फाइल मोजतात मेगाबाइटमध्ये. एका बाइटला आठ बिट. म्हणून लाँचरवर वेग सेकंदाला पाच मेगाबाइट दिसला, तर इंटरनेटवाल्याला शिव्या घालू नका. तेवढंच यायला हवं. आणि ज्याच्याकडे अजूनही फक्त दिवसाला दोन जीबी आहेत, त्याच्यासाठी १५० जीबी म्हणजे अडीच महिने!

तेव्हा 'गेम काय, परत टाकता येतो' हे ज्यांच्याकडे वायफाय आहे त्यांनी दुसऱ्याला सहज सांगू नये. तरीही मी म्हणेन, काढायचा असेल तर काढा. फक्त काय जातं आणि काय राहतं हे माहीत करून घ्या.

स्टीम असो वा एपिक, अनइन्स्टॉल म्हणजे डिस्कवरच्या फाइली जाणं. विकत घेतलेला किंवा फुकट मिळालेला गेम खात्यावर राहतो. स्टीमच्या लायब्ररीत त्याचं नाव फिकट होतं आणि 'प्ले'च्या जागी 'इन्स्टॉल' येतं. किती तास खेळलात तो आकडाही जागच्या जागी असतो (आईला दाखवू नका). खात्यावरून गेम कायमचा काढणं ही वेगळी गोष्ट आहे. त्यासाठी स्टीमच्या सपोर्टमध्ये जाऊन मुद्दाम पर्याय निवडावा लागतो. चुकून तसं होत नाही.

जाऊ शकतं ते सेव्ह. अनेक गेम तुमची प्रगती क्लाउडवर ठेवतात, पण सगळे नाही. मी हे किंमत मोजून शिकले. एका छोट्या शेतीच्या गेममध्ये मी दीड वर्ष शेती केली होती. परीक्षेच्या आधी शहाण्यासारखा गेम काढला, सुट्टीत परत टाकला, तर शेत उजाड. क्लाउडची खूण आहे का, हे मी पाहिलंच नव्हतं. त्यामुळे काढण्याआधी गेमच्या पानावर क्लाउड सेव्हची खूण शोधा. नसेल, तर सेव्हचं फोल्डर पेनड्राइव्हवर कॉपी करा. ते बहुतेक वेळा 'डॉक्युमेंट्स' किंवा 'अ‍ॅपडेटा'मध्ये असतं. जोडीला टाकलेले मॉड असतील तर तेही बघा.

आणखी तीन चुका आपल्यात सर्रास होतात. पहिली, फोल्डरच उडवणं. फाइल एक्सप्लोररमधून गेमचं फोल्डर डिलीट केलं की जागा मोकळी होते, पण लाँचरला वाटतं गेम आहेच. मग नुसते एरर. नेहमी लाँचरमधूनच काढा. दुसरी, रागाच्या भरात स्टीमच अनइन्स्टॉल करणं. तसं केलं की स्टीमच्या फोल्डरमधले सगळे गेम सोबत जातात. लाँचर नको असेल आणि गेम ठेवायचे असतील, तर 'स्टीमअ‍ॅप्स' हे फोल्डर आधी बाहेर हलवा. तिसरी व्हॅलोरंटवाल्यांची. गेम काढला तरी 'व्हॅनगार्ड' हा त्याचा चीटिंग पकडणारा प्रोग्राम राहू शकतो. तो विंडोजच्या यादीतून वेगळा काढावा लागतो.

आणि काढण्याऐवजी हलवता येत असेल तर हलवा. स्टीममध्ये गेम दुसऱ्या ड्राइव्हवर नेण्याची सोय आहे, बॅकअप घेण्याचीही आहे. जुनी हार्ड डिस्क घरात पडून असेल तर शंभर जीबी तिथे ठेवा, पुढच्या वेळी डाउनलोड वाचेल. फेब्रुवारी २०२३ पासून स्टीमने आणखी एक सोय दिलीय. एकाच राऊटरवर दोन कॉम्प्युटर असतील आणि एकावर गेम असेल, तर दुसऱ्यावर तो इंटरनेटवरून न आणता थेट त्या कॉम्प्युटरवरून घेता येतो. सेटिंगमध्ये मित्रांनाही परवानगी देता येते. होस्टेलवर किंवा बोईसरला रूम घेऊन चौघं-पाचजण राहणाऱ्यांनी हे आजच करून बघावं. मात्र गेम दोघांच्याही खात्यावर असायला हवा.

हे झालं तंत्र. आता जरा अवघड भाग.

आपण गेम काढतो तेव्हा अनेकदा जागा हे निमित्त असतं. केटी लागलेली असते, घरी बोलणी खाल्लेली असतात आणि आपण स्वतःला शिक्षा म्हणून गेम उडवतो. 'आता बास!' असं स्टेटस टाकतो. आठ दिवसांनी रात्री गुपचूप पुन्हा इन्स्टॉल. मग आधीपेक्षा जास्त अपराधी वाटतं. हा खेळ मीही खेळलेय. यात डेटा जातो, झोप जाते आणि अभ्यास जिथे होता तिथेच राहतो.

माझं म्हणणं साधं आहे. अनइन्स्टॉल हा नवस नाही. परीक्षेपुरता गेम काढायचा असेल तर तारीख ठरवून काढा. शेवटचा पेपर या तारखेला, त्या संध्याकाळी परत टाकणार. असं ठरवलं की चोरून टाकायची गरज उरत नाही, आणि घरच्यांनाही सांगता येतं. पालकांनाही सांगावंसं वाटतं, मुलगा झोपलेला असताना गेम उडवू नका. त्याने स्वतः काढलेला गेम त्याच्या लक्षात राहतो. तुम्ही उडवलेल्या गेमचं फक्त भांडण लक्षात राहतं.

पण तारीख ठरवूनही जमत नसेल तर? जागतिक आरोग्य संघटनेने आजारांच्या अकराव्या यादीत 'गेमिंग डिसऑर्डर'ची नोंद केलीय. ही यादी जानेवारी २०२२ पासून लागू आहे. भरपूर खेळणं म्हणजे आजार, असं ती म्हणत नाही. खेळण्यावर ताबा राहत नाही, बाकी सगळ्याच्या आधी गेम येतो, नुकसान दिसत असूनही थांबता येत नाही आणि हे साधारण बारा महिने चालतं, तेव्हा डॉक्टर तसं निदान करतात. असं काही स्वतःत दिसलं तर लाजू नका. केंद्र सरकारची टेलि-मानस हेल्पलाइन १४४१६ या नंबरवर आहे, पैसे लागत नाहीत. तिथे गेम काढणं पुरत नाही, माणसाशी बोलावं लागतं.

इथवर आपण काढण्याबद्दल बोललो. पण मला जास्त काळजी वाटते ती दुसऱ्या बाजूची. आपण न काढता गेम गेला तर?

'द क्रू' हा युबीसॉफ्टचा गाड्यांच्या रेसचा गेम २०१४ मध्ये आला. तो खेळायला कायम इंटरनेट लागायचं. ३१ मार्च २०२४ ला कंपनीने त्याचे सर्व्हर बंद केले आणि पुढे अनेकांच्या लायब्ररीतून त्याचा परवानाच काढून घेतला. लोकांनी पैसे मोजले होते, डिस्कवर फाइली होत्या, तरी गेम उघडत नव्हता. यातून 'स्टॉप किलिंग गेम्स' ही मोहीम उभी राहिली. विकलेला गेम कंपनीने खेळण्याजोग्या अवस्थेत सोडावा, ही तिची मागणी. जुलै २०२५ पर्यंत युरोपात तिच्या अर्जावर दहा लाखांहून जास्त सह्या झाल्या.

म्हणजे ज्या लायब्ररीच्या भरवशावर मी तुम्हाला 'बिनधास्त काढा' म्हणतेय, ती लायब्ररी पूर्णपणे आपली नाही. आपण गेम विकत घेत नाही, तो वापरायची परवानगी घेतो. हे करारात आधीपासून लिहिलेलं असतं. आपण न वाचता 'आय अ‍ॅग्री' करतो. कॅलिफोर्नियाने यावर कायदा केला, १ जानेवारी २०२५ पासून तो लागू आहे. फक्त परवाना देत असाल तर तसं स्पष्ट सांगा, नुसतं 'खरेदी करा' लिहून ग्राहकाला फसवू नका, असं तो कायदा सांगतो. स्टीम आता पैसे भरण्याच्या पानावर ही सूचना दाखवतं.

आपल्याकडे गेमची चर्चा निघाली की ती जुगारावर जाते. ऑगस्ट २०२५ मध्ये संसदेने पैसे लावून खेळायच्या ऑनलाइन गेमवर बंदी घालणारा कायदा केला. तो प्रश्न गंभीर आहेच. पण पॉकेटमनी साठवून साधा गेम घेणाऱ्या विद्यार्थ्याचा प्रश्न वेगळा आहे, तो ग्राहकाचा प्रश्न आहे. २०१९ च्या ग्राहक संरक्षण कायद्यात अन्यायकारक कराराची व्याख्या दिलेली आहे. डिजिटल खरेदीतही ग्राहकाला काय मिळतंय ते मोठ्या अक्षरात सांगा, ही मागणी आपण करायला हवी. कॉलेजांत ग्राहक दिन साजरा होतो, तेव्हा तेलाच्या पिशवीवरच्या वजनासोबत हाही विषय घ्यायला काय हरकत आहे?

तोवर आपण एवढं करू शकतो. पैसे भरण्याआधी गेम इंटरनेटशिवाय चालतो का ते बघा. जीओजीसारख्या दुकानात गेमची इन्स्टॉल फाइल उतरवून स्वतःकडे ठेवता येते, ती लाँचरशिवायही चालते. आवडता गेम तिथे असेल तर तो विचार करा. आणि स्टीमवर घेतलेला गेम नाहीच आवडला, तर चौदा दिवसांच्या आत आणि दोन तासांपेक्षा कमी खेळला असाल तर पैसे परत मागता येतात. सेलमध्ये घेऊन वर्षभर न उघडलेल्या गेमला ही सवलत नाही, हेही लक्षात ठेवा.

राहिला आमचा जीटीए. दादा आता एमआयडीसीत शिफ्ट करतो. सेकंड शिफ्टहून रात्री उशिरा घरी आला तेव्हा मी घाबरत विचारलं, "दादा, तुझा गेम काढू का? फुटेजला जागा नाहीये." तो जेवता जेवता म्हणाला, "काढ गं. दोन वर्षं उघडलाय कुणी? लायब्ररीत आहे ना." मग थोडं थांबून म्हणाला, "सेव्ह मात्र बघून घे. शेवटचं मिशन राहिलंय."

सेव्ह पेनड्राइव्हवर घेतलं आणि गेम काढला. अठरा दिवसांत आलेला गेम मिनिटभरात गेला. तिथे सातपाटीचं फुटेज मावलं. डॉक्युमेंटरी झाली की दादाच्या सुट्टीच्या आदल्या रात्री तो परत डाउनलोडला लावणार आहे. आता घरी फायबर आहे, सकाळपर्यंत उतरेल.