मानवी चूक म्हणजे नेमकी कोणती चूक?

मराठीत 'चुकणे' हे क्रियापद मोठे उदार आहे. गाडी चुकते, रस्ता चुकतो, नेम चुकतो, काळजाचा ठोकाही चुकतो; यांत कोणाचा गुन्हा नसतो. शिवाय गफलत, विसर, गैरसमज, हयगय, कसूर असे निरनिराळ्या वजनांचे शब्द आपल्यापाशी आहेत. चहात साखरेऐवजी मीठ पडले तर ती गफलत आणि दूध उतू जाताना दिसत असूनही कोणी उठले नाही तर ती हयगय, हे कोणाला शिकवावे लागत नाही. मात्र अपघात घडला, की हे सारे शब्द बाजूला पडतात आणि उरतो एकच शिक्का : 'मानवी चूक'. या शिक्क्याला आमची हरकत आहे. चौकशी जिथून सुरू व्हावी, तिथेच तो ती संपवतो.

काम करणारा माणूस एकाच तऱ्हेने चुकत नाही. डॅनिश अभियंते येन्स रास्मुसेन यांनी 1983 साली कामाच्या तीन पातळ्या मांडल्या. पहिली सवयीची : मन दुसरीकडे असले तरी हात आपोआप चालतो. दुसरी नियमाची : परिस्थिती ओळखायची आणि तिला लागू पडणारा नियम वापरायचा. तिसरी ज्ञानाची : नियम हाताशी नसतो, तेव्हा मुळापासून विचार करून वाट काढायची. ब्रिटिश मानसशास्त्रज्ञ जेम्स रीझन यांनी 1990 सालच्या 'ह्यूमन एरर' या ग्रंथात या पातळ्यांना चुकांचे प्रकार जोडून दाखवले आणि जाणूनबुजून केलेला नियमभंग त्यांपासून वेगळा ठेवला. खुद्द रीझन यांनी एकदा चहा करताना मांजरीचे खाणे किटलीत घातले होते. मांजर भुकेने ओरडत होती आणि सरावाची दोन कामे एकमेकांत मिसळली. चहा कसा करावा याचे प्रशिक्षण देऊन ही चूक टळली असती काय?

मुद्दा हाच आहे. सवयीतल्या घसरणीवर उपाय साधनांच्या रचनेत असतो. भलत्या जागी लावलेल्या नियमावर उपाय नियमाच्या स्पष्टतेत आणि सरावात. अज्ञानातून झालेल्या चुकीवर माहिती, वेळ आणि विचारायला जवळ कोणीतरी असणे हा. शिक्षेचा उपयोग झालाच तर बुद्धिपुरस्सर नियमभंगावर. रोग न ओळखता सर्वांना एकच काढा पाजणाऱ्या वैद्याला आपण काय म्हणू?

17 जून 2024 रोजी पश्चिम बंगालमधील रंगापानी स्थानकाजवळ एका मालगाडीने कांचनजंगा एक्स्प्रेसला मागून धडक दिली. मृतांत मालगाडीचा लोको पायलटही होता. त्याच दिवशी रेल्वेच्या उच्चपदस्थांनी सांगून टाकले, की त्याने सिग्नल पाळला नाही. उत्तर द्यायला तो उरला नव्हता. पुढे रेल्वे सुरक्षा आयुक्तांचा अहवाल आला तेव्हा चित्र बदलले. पहाटेपासून स्वयंचलित सिग्नल बिघडलेले होते. लाल सिग्नल ओलांडण्याचा लेखी परवाना चालकांना देण्यात आला होता. तो परवानाच योग्य नव्हता आणि गाडी किती वेगाने न्यावी याचा त्यात उल्लेख नव्हता. ताशी 15 किलोमीटरची मर्यादा आणि प्रत्येक बिघडलेल्या सिग्नलपाशी थांबणे हे बंधन त्या सकाळी एकट्या कांचनजंगाने पाळले. इतर गाड्यांनी पाळले नाही. जिने नियम पाळला, तिलाच धडक बसली.

एकाच मार्गावर, एकाच सकाळी, अनेक चालक एकाच तऱ्हेने वागतात तेव्हा त्यांपैकी एकाचा स्वभाव तपासून काय हाती लागणार? आमच्या मते ही दुसऱ्या पातळीवरची चूक होती : नियम काय, हेच कागदाने स्पष्ट केले नव्हते. तिचे मूळ चालकाच्या केबिनपेक्षा परवान्याच्या मसुद्यात आणि अपुऱ्या प्रशिक्षणात शोधावे लागते. आयुक्तांनी ते तिथे शोधले. हे पद रेल्वेच्या नव्हे, तर नागरी विमान वाहतूक मंत्रालयाच्या अखत्यारीत येते, हा तपशील इथे गौण नाही.

अशाने गुन्हेगार सुटतील, हा आक्षेप आम्हांस ठाऊक आहे. वस्तुतः उलटच घडते. गफलत आणि हयगय यांना एकाच दोरीने बांधले, की खरा हयगय करणारा गर्दीत मिसळून जातो आणि प्रामाणिक माणूस आपली चूक लपवायला शिकतो. लपलेली चूक पुन्हा घडते.

म्हणून आमची अपेक्षा साधी आहे. 'मानवी चूक' असे कोणी म्हणाले, की त्याला लगेच विचारावे : हाताची, नियमाची, की ज्ञानाची? आणि हे उत्तर मिळेपर्यंत, निदान जो बोलू शकत नाही त्याच्यावर तरी, दोष ठेवू नये.