बागेंतील पत्र्याचें खोपट

शाळेच्या किंवा घराच्या बागेंत एका कोपऱ्यांत पत्र्याचें खोपट असतें. कुदळी, खुरपीं, झाऱ्या, खताचीं पोतीं आणि बियाण्यांचे डबे तेथें ठेवितात. दाराला कुलूप बसलें, कीं बांधणाराचें काम संपलें! परंतु देशावरच्या वैशाखांत भर दुपारीं त्या खोपटांत पाऊल टाकून पाहावें. भट्टीपुढें उभें राहिल्यासारखें होतें. आणि बहुधा तेथेंच माळी भाकरी खावयास बसलेला असतो. जेथें मनुष्य बसतो, ती जागा केवळ अवजारांची कोठी समजून बांधणें हा अन्याय होय, असें आमचें स्पष्ट मत आहे. आणि तो दूर करण्यास फारसा पैसाही लागत नाहीं.

तापलेली हवा हलकी होऊन वर चढते, हें विद्यार्थ्यांस ठाऊकच आहे. पण माथ्याशीं वाट नसेल तर ती पत्र्याखालींच कोंडून राहते, आणि खालीं वाट नसेल तर तिची जागा घेण्यास बाहेरची हवा येत नाहीं. म्हणून एक झरोका सावलीच्या बाजूस जमिनीपासून वीतभर उंचीवर असावा व दुसरा समोरच्या भिंतींत आढ्याजवळ. दोहोंच्या उंचींत जितकें अंतर अधिक, तितका हवेचा ओढा जोराचा. झरोक्यांस बारीक जाळी मात्र हवी, नाहींतर साप-उंदरांना मुक्तद्वार! नाशिककडील शेतकऱ्याची कांदाचाळ पाहावी. तिचा तळ जमिनीपासून उचललेला व बाजू फटींच्या असतात. कांद्याला वारा मिळावा म्हणून एवढी खटपट, मग माळ्यासाठीं कां नको?

कोणी म्हणतील, विजेचा पंखा लावा. कोंडलेल्या जागेंत पंखा तीच तापलेली हवा फिरवितो. त्यापेक्षां छपरास पांढरा रंग द्यावा, म्हणजे पुष्कळसें ऊन वरच्यावर परत जातें. चुना स्वस्त खरा. पण तो पावसांत धुऊन जातो, आणि पत्र्यावरील जस्तालाही मानवत नाहीं. अहमदाबादेंत २०१० सालच्या भयंकर उन्हाळ्यानंतर २०१३ सालीं उष्णतेशीं सामना करण्याची योजना आंखली गेली, आणि २०१७ सालीं गरिबांच्या घरांचीं छपरें पांढरीं करण्याचें काम सुरू झालें. मोठ्या शहरास जें पटलें, तें आपल्या बागेस जड जाऊं नये.

वाळ्याचा ओला पडदा देशावरच्या कोरड्या हवेंत उत्तम गारवा देतो, कोंकणांत फारसा नाहीं. शिवाय ओल ही बियाण्यांची वैरीण. साठवणीच्या जागेची उष्णता ५ अंश सेल्सिअसनें उतरली तर बियांचें आयुष्य सुमारें दुप्पट होतें, असा ढोबळ नियम आहे. तेव्हां बियांचे डबे घरांतच न्यावेत हें बरें.

राहिलें तिसऱ्या प्रहरचें पश्चिमेचें ऊन. त्या बाजूस चारपांच हात अंतर राखून शेवगा लावावा. त्याच्या फांद्या ठिसूळ असतात, म्हणून अंतर. वर्ष-दीड वर्षांत तो छपराच्या वर जातो. शेंगा माळ्याच्या घरीं जाव्यात.