ललिता पवारांना खलनायिका कोणी केलं?

मालिकांचा विषय निघाला की चळवळीतले आपले बरेच मित्र नाक मुरडतात. "बायकांचा टाइमपास आहे, सोडा हो!" मित्रांनो, तुमच्या सभेला पन्नास माणसं जमतात, मालिकेपुढे रोज संध्याकाळी अख्खी वस्ती बसते. चांगली बाई कोणती आणि वाईट कोणती, हे तिथे रोज शिकवलं जातं. ही शाळा कोण चालवतं, तिचा अभ्यासक्रम कोणी लिहिला, हे आपण विचारायचं नाही तर कोणी विचारायचं?

मंथरेपासून सुरू करू. दूरदर्शनवर जानेवारी १९८७ ते जुलै १९८८ 'रामायण' चाललं. त्यात मंथरा झाल्या होत्या ललिता पवार, वय सत्तरीपार. शनाया-संजनाच्या आधी या देशाने घरात बसून, सहकुटुंब, एकत्र शिव्या घातलेली ही खलनायिका.

आता मंथरा कोण ते बघा. कैकेयीबरोबर माहेराहून आलेली दासी. पाठीला कुबड. वचन दिलं राजा दशरथाने, ते वापरलं राणी कैकेयीने, गादी मिळाली तर मिळणार होती राजपुत्र भरताला. दासीच्या पदरात काय पडणार होतं? तरीही दशरथ पूज्य राहिला, कैकेयीला पश्चात्तापाची सोय मिळाली आणि 'मंथरा' ही मात्र कायमची शिवी झाली. वाल्मीकी रामायणात शत्रुघ्न तिला फरफटत नेतो; मार खाते ती दासीच. सत्तेचं भांडण राजवाड्यातलं, खलनायिका मात्र मोलकरीण, तीही अपंग!

आणि काळ लक्षात घ्या. ही मालिका चालू होती त्याच दिवसांत महाराष्ट्र शासनाने बाबासाहेबांच्या लेखनाचा चौथा खंड, 'रिडल्स इन हिंदुइझम', प्रसिद्ध केला. राम-कृष्णावरच्या परिशिष्टावरून गदारोळ झाला, जानेवारी १९८८ मध्ये अमरावतीत ग्रंथ जाळला गेला, आणि ५ फेब्रुवारीला मुंबईत आपला विराट मोर्चा निघाला. एकीकडे रामाची कथा प्रश्न न विचारता दाखवणारं सरकारी दूरदर्शन, दुसरीकडे तिला प्रश्न विचारणारं सरकारनेच छापलेलं पुस्तक. जाळलं काय गेलं, हे सांगायला नको.

ललिताबाईंचा जन्म १९१६ चा, येवल्याचा. हो, तेच येवला, जिथे १३ ऑक्टोबर १९३५ रोजी बाबासाहेबांनी धर्मांतराची घोषणा केली. यावरून त्यांना आपल्यात ओढायचा माझा हेतू नाही. मूकपटाच्या काळात त्या बालकलाकार म्हणून आल्या, पुढे नायिका झाल्या, स्वतः चित्रपटनिर्मितीही केली. मग १९४२ साली 'जंग-ए-आझादी'च्या शूटिंगमध्ये सहकलाकार भगवान यांनी प्रसंगाची गरज म्हणून मारलेली थप्पड जोरात बसली. चेहऱ्याला अर्धांगवायू झाला, बराच काळ उपचार चालले, आणि डावा डोळा कायमचा बारीक राहिला.

कामाच्या ठिकाणी झालेला हा अपघात. त्याच वर्षी जुलैमध्ये बाबासाहेब व्हाइसरॉयच्या कार्यकारी मंडळात मजूर खात्याचे सदस्य झाले. कामगाराची दुखापत हे त्याचं नशीब नसून मालकाची आणि राज्याची जबाबदारी आहे, या विचाराला सरकारात जागा मिळण्याचे ते दिवस. चित्रपटसृष्टीने मात्र या दुखापतीचं काय केलं? तिचा माल केला. डोळा बारीक झाला, आता ही कपटी शोभेल! जी कालपर्यंत नायिका होती, ती आज एका शिरेमुळे दुष्ट झाली. स्वभाव तोच, बाई तीच.

१९४४ च्या 'रामशास्त्री'त त्या 'ध चा मा' करणारी आनंदीबाई झाल्या. १९५० च्या 'दहेज'मध्ये छळवादी सासू. ही सासू खोटी नाही हेही सांगून टाकतो. हुंड्यासाठी छळणाऱ्या बायका असतात, आपल्या वस्तीतही आहेत, आणि त्यांची बाजू मला घ्यायची नाही. पण १९५५ चा 'मिस्टर अँड मिसेस ५५' बघा. गुरुदत्तचा गाजलेला, गोड गाण्यांचा सिनेमा. त्यात ललिताबाईंची सीतादेवी ही बायकांच्या घटस्फोटाच्या हक्कासाठी भांडणारी कार्यकर्ती आहे. हाच तिचा गुन्हा! तिला पुरुषद्वेष्टी, हटवादी, भाचीचा संसार मोडायला निघालेली दाखवलंय. समोर आदर्श म्हणून नायकाची भावजय. नवऱ्याने हात उचलला तरी तिची तक्रार नाही.

हिंदू कोड बिल रखडवलं म्हणून बाबासाहेबांनी सप्टेंबर १९५१ मध्ये मंत्रिपदाचा राजीनामा दिला. १९५५ साली हिंदू विवाह कायद्याने घटस्फोटाची वाट मोकळी केली, आणि त्याच वर्षी पडद्यावर तो हक्क मागणारी बाई खलनायिका ठरली. संसदेत बिलाला विरोध करणाऱ्यांना जे बोलायचं होतं, ते इथे हसत-गात सांगितलं गेलं. आणि त्यासाठी तोच डोळा वापरला गेला.

याच बाईंना चांगुलपणा कुठे मिळाला तेही बघा. 'श्री ४२०'मध्ये रस्त्यावर केळी विकणारी, 'अनाडी'त ख्रिश्चन घरमालकीण मिसेस डिसा, जिच्यासाठी फिल्मफेअर पुरस्कार मिळाला. मोठ्या घरात खाष्ट, फुटपाथवर मायाळू. म्हणजे प्रश्न बाईंच्या चेहऱ्याचा नव्हताच, लिहिणाऱ्याच्या डोक्याचा होता.

आता अलीकडे संपलेल्या मालिका. 'माझ्या नवऱ्याची बायको'तली शनाया आधी रसिका सुनील, मग ईशा केसकर. 'आई कुठे काय करते'मधली संजना आधी दीपाली पानसरे, मग रुपाली भोसले. अभिनेत्री बदलली तरी खलनायिका तीच राहते, कारण ती माणूस नाहीच, जागा आहे. घर सुभेदारांचं किंवा देशमुखांचं, बाहेरून आलेली 'ती' नोकरी करणारी, स्वतःच्या मर्जीने राहणारी. बाहेर संबंध ठेवतो नवरा, घर फोडते 'ती'. नवऱ्याला समजूत, तिला शिव्या. आणि लोक अभिनेत्रीलाही सोडत नाहीत, सोशल मीडियावर तिच्या खऱ्या नावाने घाण लिहितात. बारा-बारा तास शूटिंग, मानधन नव्वद दिवसांनी, वर ही बक्षिसी. तिला आपण कामगार म्हणून कधी बघितलं?

"अभिनय तो अभिनय, त्याला जात-वर्ग कसला?" असं म्हणणाऱ्यांनी आमच्या वांगणीला यावं. इथे शेकडो अंध कुटुंबं राहतात, बरेचजण लोकलमध्ये वस्तू विकून पोट भरतात. १७ एप्रिल २०२१ ला आमच्या स्टेशनात पॉइंट्समन मयूर शेळके यांनी रुळावर पडलेल्या पोराला गाडीसमोरून उचललं, तेव्हा देशाला आमचं गाव कळलं. त्या पोराची आईही अंधच. त्याच्या आदल्या वर्षी, मार्च २०२० मध्ये, लोकल बंद होऊन ही माणसं उपाशी बसली आणि दूरदर्शनने पुन्हा 'रामायण' लावलं. पुन्हा मंथरा, पुन्हा कुबड.

इथल्या एक ताई मालिका बघत नाहीत, ऐकतात. त्या मला म्हणाल्या, "दादा, वाईट बाई आली की आधी वाजायला लागतं, म्हणून मला कळतं. नाहीतर बोलणं तर सगळ्यांचं सारखंच असतं." समाजशास्त्राच्या एम.ए.ला दोन वर्षं घालवून मला हे इतक्या थोडक्यात सांगता आलं नसतं.

दुसरं काही जमतच नाही, असंही नाही. स्टार प्रवाहनेच २०१९ मध्ये 'डॉ. बाबासाहेब आंबेडकर : महामानवाची गौरवगाथा' दाखवली. तिच्यातही त्रुटी होत्या, पण तिथे छळणारी गोष्ट कुणा बाईचा डोळा नव्हता, जात होती. आणि लोकांनी ती घराघरात बघितली.

पुढच्या महिन्यात विहारातल्या अभ्यासवर्गात आपण हिंदू कोड बिलावर बोलणार आहोत. या वेळी भाषणाऐवजी 'मिस्टर अँड मिसेस ५५' लावू आणि नंतर चर्चा करू. मुलींनी जरूर यावं, मालिका बघणाऱ्या आयांना घेऊन यावं. सीतादेवीची बाजू कोण मांडणार, ते आधी कळवा.

जय भीम!